त्सेर्कनित्साचं तळं आणि तो व्हायरल मजकूर

दोन फोटो शेजारी शेजारी लावलेले. एकात डोंगरांच्या मधोमध पसरलेलं पाणी, दुसऱ्यात त्याच जागी गवताचं माळरान. खाली मजकूर: "स्लोव्हेनियातलं हे तळं दरवर्षी एका रात्रीत गायब होतं. त्याच्या तळाशी एक अथांग विवर आहे. पाणी कुठे जातं हे शास्त्रज्ञांना आजही माहीत नाही. हवामान बदलामुळे आता ते कायमचं आटत चाललंय. वेळीच बांध घातला असता तर एवढं पाणी वाया गेलं नसतं."

हा मजकूर मला महिन्याभरात चार गटांतून आला. फोटो खरे आहेत. मजकुरातलं जवळपास प्रत्येक वाक्य चुकीचं आहे. मी त्या तळ्याच्या तळावर उभी राहून आले आहे, त्यामुळे गप्प बसवत नाही.

आधी जागा समजून घेऊ. स्लोव्हेनियाच्या नैर्ऋत्येला, यावोर्निकी आणि स्लिव्नित्सा या डोंगरांच्या मध्ये सुमारे 38 चौरस किलोमीटरचं सपाट मैदान आहे. समुद्रसपाटीपासून उंची साधारण 550 मीटर. चहूबाजूंनी चढ आणि मधली जमीन परातीसारखी. अशा मैदानाला तिथले लोक 'पोल्ये' म्हणतात, म्हणजे सरळ 'शेत'. डोंगर चुनखडीचे. आपल्या सह्याद्रीत बसाल्ट, त्यामुळे पाऊस पडला की ओढे वाहताना डोळ्यांना दिसतात. चुनखडीचं तसं नसतं. पावसाच्या पाण्यात मुरलेल्या कार्बन डायऑक्साइडमुळे ते किंचित आम्लधर्मी होतं, फटींमधून शिरत खडक विरघळवत जातं, आणि हजारो वर्षांत डोंगर आतून पोखरला जातो. यावोर्निकीवर जंगल दाट आहे, पण वाहता ओढा शोधून सापडत नाही. सगळं पाणी आत उतरतं आणि पायथ्याच्या झऱ्यांतून मैदानात येतं. अशा भूरूपाला जगभर 'कार्स्ट' म्हणतात, तो शब्दच तिथल्या क्रास या शेजारच्या मुलखाच्या नावावरून आलाय.

आता "एका रात्रीत". पाणी ओसरायला तीन-चार आठवडे लागतात. वेगाने होतं ते भरणं. शरद ऋतूतला पाऊस लागून राहिला किंवा वसंतात बर्फ वितळलं की दोन-तीन दिवसांत मैदानाचं तळं होतं, भरात असलं की 25 चौरस किलोमीटरच्याही पुढे. कारण साधं आहे. न्हाणीत एकदम चार बादल्या ओतल्या तर मोरी तेवढीच असते, पाणी तुंबतंच. झरे भरभरून आणतात, बाहेर जाण्याच्या वाटा अरुंद. पावसाचा जोर सरला की हिशेब उलटतो. आणि "दरवर्षी"ही खरं नाही. सरासरीने वर्षातले आठएक महिने पाणी असतं, पण एखाद्या ओल्या वर्षी तळं मुळीच आटत नाही, एखाद्या वर्षी दोनदाही आटतं.

"एक अथांग विवर" वाचून मला सगळ्यात वाईट वाटलं, कारण त्या वाटांना नावं आहेत. मैदानाच्या कडेला वेलिका कार्लोवित्सा आणि माला कार्लोवित्सा, म्हणजे थोरली आणि धाकटी, या दोन गुहा. तळावर वोदोनोस, 'पाणी वाहून नेणारा'. आणि रेशेतो, म्हणजे चक्क 'चाळण'. मी सप्टेंबरात रेशेतोपाशी गेले होते. भोकबिक काही दिसलं नाही. गवतातून उतरणारा चिखलाचा खोलगट भाग, कडेला वाळून पापुद्रे सुटलेलं शेवाळ, आणि तळाला, जिथे चिखल धुऊन गेलाय तिथे, हात जेमतेम जाईल अशा दगडांच्या फटी. कान लावला तर आत थेंब पडल्याचा आवाज येत होता. असे खड्डे तिथे कितीतरी आहेत. काही दुतोंडी आहेत: पावसाळी दिवसांत त्यांतूनच पाणी उसळून वर येतं आणि कोरड्या दिवसांत तिथूनच आत जातं. ज्यांनी शतकानुशतकं ही भोकं ओळखून, बारशी करून ठेवली, त्यांच्या तळ्याला एका ओळीत 'अथांग' म्हणून टाकायचं?

"शास्त्रज्ञांना माहीत नाही" म्हणावं, तर हा शोध तीनशेहून जास्त वर्षं जुना आहे. यानेझ वायकार्ड वाल्वाझोर हा तिथलाच सरदार. त्याने या तळ्यावर लिहून पाठवलं आणि 1687 साली लंडनच्या रॉयल सोसायटीने त्याला सदस्य करून घेतलं. जमिनीखालच्या तलावांची आणि वक्रनलिकांची (सायफनची) जी यंत्रणा त्याने कल्पिली ती पुढे चुकीची ठरली. पण निरीक्षण पक्कं होतं: एकाच जागी वर्षभरात मासेमारी होते, गवतकापणी होते आणि शिकारही. 1970च्या दशकात तर या साऱ्या प्रदेशातल्या भूमिगत प्रवाहांत रंग आणि इतर खुणेचे पदार्थ सोडून ते कुठे निघतात हे पाहिलं गेलं.

म्हणजे पाणी कुठे जातं? कार्लोवित्सातून गेलेलं पाणी राक नावाची नदी होऊन वर येतं, नैसर्गिक दगडी पुलांखालून वाहतं, परत जमिनीत शिरतं. प्लानिना गुहेत त्याला पिव्का नदी भेटते, तीही पोस्तोयना गुहेतून आलेली. दोघी मिळून उनित्सा होतात. उनित्सा पुढच्या पोल्येत भटकून पुन्हा गडप होते आणि ल्युब्ल्यानित्सा बनून निघते, जी राजधानी ल्युब्ल्यानातून वाहते. वोदोनोस-रेशेतोचं पाणी तर बहुतांशी आतल्या आतच ल्युब्ल्यानित्साच्या झऱ्यांना मिळतं. पुढे सावा, मग डॅन्यूब, शेवटी काळा समुद्र. एड्रियाटिक समुद्र डोंगरापलीकडे असूनही! वाटेतल्या त्या काळोखात प्रोटियस हा आंधळा, फिकट गुलाबी उभयचर प्राणी जगतो.

हवामान बदलाचं वाक्य जपून बोलायला हवं. 2022च्या रखरखीत उन्हाळ्यात तळं पार कोरडं पडलं आणि तेव्हाचे फोटो जगभर फिरले. दुष्काळ लांबले तर कोरडे दिवस वाढतील, ही काळजी खरी आहे. पण कोरड्या मैदानाचा फोटो हा त्याचा पुरावा होत नाही, कारण वाल्वाझोरच्या काळीही तिथे गवत कापलं जात होतंच.

राहिला बांध. तो घालून झालाय. 1960च्या दशकात तळं कायमचं करायचा घाट घातला गेला आणि दोन्ही कार्लोवित्सांची तोंडं काँक्रीटने बंद केली. पाणी रेशेतो आणि वोदोनोसमधून निघून गेलं. चाळणीची दोन भोकं बुजवल्यासारखं झालं. त्याआधी उलट खटाटोपही झाला होता, जमीन लवकर कोरडी व्हावी म्हणून मैदानातला स्तर्झेन ओढा सरळ खोदण्याचा. अलीकडे त्याची जुनी वळणं परत करून द्यायचं काम झालंय.

"वाया" जातं म्हणणाऱ्यांनी त्या गवताकडे पाहावं. पाईक मासे वसंतात बुडालेल्या कुरणावरच अंडी घालतात. पाणी हटलं की तिथे लव्हाळी आणि मोळ गवत माजतं, पूर्वी ते गोठ्यात गुरांच्या अंगाखाली पसरायला नेत. कॉर्नक्रेक हा लाजाळू पक्षी त्याच गवतात जमिनीवर घरटं करतो, म्हणून कापणी उशिरा झाली तरच त्याची पिल्लं वाचतात. 2006 पासून हे तळं रामसर यादीत, म्हणजे जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत आहे, आणि ते भरतं-आटतं म्हणूनच इतक्या प्रकारचे जीव तिथे एकत्र राहतात.

मैदानात ओतोक नावाचं गाव आहे. ओतोक म्हणजे बेट. तळाच्या मातीवरून तिथे कच्चा रस्ता जातो, मी त्याच रस्त्याने चालत गेले. पाणी आलं की तो रस्ता बुडतो आणि ओतोक खरोखरच बेट होतं.