'एकाला ठेवलं की दहा येतात'

आज सोसायटीच्या मीटिंगहून आले ती डोकं तापवूनच. टाकीचं लीकेज झालं, पार्किंग झालं, आणि उठता उठता कोणीतरी वॉचमनचा विषय काढला. आमचा वॉचमन नेपाळचा, अछाम जिल्ह्यातला. त्याच्याकडे हल्लीच त्याचा पुतण्या आलाय, मिसरूड फुटलेलं पोरगं, पंपरूमशेजारच्या खोलीत काकाबरोबर झोपतं, सकाळी चार गाड्या धुतं आणि दिवसभर काम शोधत फिरतं. त्यावर एक सभासद म्हणाले, "ह्या लोकांचं हे असंच असतं, एकाला ठेवलं की दहा येतात." आणि सगळ्यांनी माना डोलावल्या हो! ज्यांचे आजोबा लालबाग-परळला एकेका खोलीत वीस-वीस जणांत झोपले त्यांनीसुद्धा. मी म्हटलं, "अहो, एकाला ठेवलं म्हणूनच तर आपण सगळे आज इथे बसलोय." तर म्हणे, "तेव्हाची गोष्ट वेगळी होती."

काय वेगळं होतं ते तरी सांगा.

माझे आजोबा, आम्ही त्यांना तात्या म्हणायचो, लांजा तालुक्यातले. पन्नासच्या दशकात रत्नागिरीहून बोटीनं भाऊच्या धक्क्यावर उतरले. मुंबईतलं त्यांना काहीएक माहीत नव्हतं. माहीत होता तो एकच माणूस, वाडीतला लांबचा चुलता, जो गिरणीत साचे खात्यात, म्हणजे कापड विणायच्या खात्यात होता आणि लालबागला गावाच्या मंडळाच्या खोलीत राहायचा. तात्या मुंबईला आले असं आम्ही म्हणतो खरं, पण ते त्या चुलत्याकडे आले होते. तो चुलता सुरतेला असता तर आज आम्ही सुरतेचे असतो, इतकं साधं आहे ते.

मंडळाची खोली म्हणजे काय ते ज्यांनी ऐकलेलं नाही त्यांच्यासाठी सांगते. गावातल्या लोकांनी वर्गणी काढून चाळीत एक खोली घ्यायची, भांडीकुंडी मंडळाची, भाडं सगळ्यांत वाटून. पहिल्या पाळीचा उठून गेला की रातपाळी करून आलेला त्याच जागेवर आडवा होणार. प्रत्येकाला एक वळकटी आणि एक पेटी ठेवण्यापुरती जागा, ती जागा म्हणजे त्याचं मुंबईतलं घर. तात्यांची पेटी अजून आमच्याकडे आहे, पत्र्याची, हिरवा रंग बराचसा उडालाय, कडीचा एक कान तुटलाय, झाकणावर पांढऱ्या ऑइलपेंटनं नाव, वाडी, मुक्काम पोस्ट, तालुका लांजा असं सगळं लिहिलंय. मुंबईचा पत्ता कुठेच नाही.

आणि आल्या आल्या गिरणीत काम थोडंच लागतं कोणाला? बदलीत नाव लावायचं, पहाटे गेटवर जाऊन उभं राहायचं, कोणी खाडा केला तर आत, नाहीतर परत खोलीवर. त्यात जॉबर, म्हणजे माणसं कामावर घेणारा मुकादम, ओळखीचा लागायचा. कित्येक महिने तात्यांच्या हातात धड पगार नव्हता, तरी दोन वेळचं जेवले ते, कारण चुलत्यानं खानावळवाल्या मावशींना सांगून ठेवलं होतं, "त्याचं मी बघतो." तीन शब्द. कागद नाही, सही नाही, अनामत नाही. त्या मावशींनी ना तात्यांचं कूळ विचारलं ना मूळ, वहीत नाव घातलं आणि ताट वाढलं. (प्रेमा पुरवांनी 1975 साली ह्याच खानावळवाल्या बायकांची अन्नपूर्णा महिला मंडळ ही संघटना उभी केली. गिरणी कामगारांबद्दल पोवाडे गातो आपण, पण ज्यांनी त्यांना उधारीवर जेवू घातलं त्या बायकांची आठवण किती जणांना असते?)

मला सांगा, आमच्या वॉचमननं ह्यापेक्षा वेगळं काय केलंय? पुतण्याला बोलावलं, आपल्या अंथरुणात जागा दिली, गाड्या धुवायचं काम मिळवून दिलं, म्हणजे आपल्याच भाषेत "त्याचं मी बघतो" म्हणाला. स्वतः गावी जाईल तेव्हा पुतण्याला गेटवर उभा करून जाईल, आणि तेव्हा हेच लोक म्हणतील बरं झालं बाबा बदली ठेवून गेला. 1950 च्या भारत-नेपाळ करारानं त्यांना इथे येऊन राहायची, काम करायची मुभा आहे. पण करारानं कोणी येतं का? करार सगळ्या नेपाळला लागू आहे, मग अछामची माणसं एवढ्या संख्येनं मुंबईतच का? कारण आधी कोणीतरी आलं, त्यानं भावाला बोलावलं, भावानं मेहुण्याला.

आपल्याकडे तरी दुसरं काय घडलं? गिरणीत कोकणातला माणूस. गोदीत आणि बाजारात ओझी वाहायला सातारा, जावळी, पाटणचा. डबेवाले मावळ, खेड, जुन्नरकडचे. गोव्याचे तारवटी, म्हणजे खलाशी, बोटीवर नोकरी मिळेपर्यंत धोबीतलावच्या कुडांमध्ये, म्हणजे गावाच्या सामायिक खोल्यांमध्ये राहायचे, आणि ते कूडसुद्धा गावागावांचे वेगळे. सांगली जिल्ह्यातल्या खानापूर-आटपाडीची माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात भारतभर गेलीत, दक्षिणेतल्या एखाद्या सराफ बाजारात जा, गलाईवाला मराठी बोलणारा निघतो. दुष्काळी भागातल्या पोराला सोन्याच्या भट्टीचं ज्ञान आईच्या पोटातून आलं होतं का? नाही ना, मामाचं दुकान होतं! मामानं दुकानात बसवला, टंच काढायला, म्हणजे सोन्याचा कस तपासायला शिकवलं, पुढे त्यानं आपलं दुकान टाकलं आणि चुलतभावाला आणला. भूगोलाच्या पुस्तकात स्थलांतराची कारणं म्हणून दुष्काळ, बेकारी, रोजगाराच्या संधी वगैरे देतात, ती खोटी नाहीत, दुष्काळ घरातून बाहेर काढतो हे खरंच. पण बाहेर पडल्यावर डावीकडे जायचं का उजवीकडे हे मामा ठरवतो.

आणि आता खरं सांगते मला सगळ्यात जास्त राग कशाचा आला. जे सभासद हे बोलले त्यांचा मुलगा डॅलसला आहे. छान आहे, हुशार मुलगा, मला त्याचं कौतुकच आहे. तो गेला तेव्हा पहिले दोन-तीन आठवडे कुठे राहिला? कॉलेजातल्या सीनियरच्या हॉलमध्ये, सोफ्यावर. नोकरी कशी लागली? त्याच सीनियरनं कंपनीत रेझ्युमे पुढे सरकवला. नंतर ह्यानं स्वतःच्या मेहुण्याला बोलावलं, आता मेहुण्याचा मित्र आलाय. गणपतीला तिथल्या महाराष्ट्र मंडळात सगळे झब्बे घालून फोटो टाकतात आणि आपण इथून हार्ट पाठवतो. तिकडे त्याला नेटवर्किंग म्हणायचं, रेफरल म्हणायचं, आणि पंपरूममधल्या पोराला "ह्यांचं हे असंच असतं"? डॅलसच्या एखाद्या गोऱ्या शेजाऱ्यानं आपल्या पोरांबद्दल हेच वाक्य टाकलं तर हाच ग्रुप दोन दिवस पेटलेला असेल, लिहून ठेवा.

बरं, खोली लहान आहे, एका माणसाचीच आहे, पाण्याचा प्रश्न आहे, मान्य. पोलीस व्हेरिफिकेशन करा, मी स्वतः फॉर्म भरून देते.

आणि हेही लिहिते, कारण नाहीतर कोणीतरी कमेंटमध्ये शिकवायला येईलच. गावकीची खोली म्हणजे काही स्वर्ग नव्हता. "त्याचं मी बघतो" हे चुलत्यानं तात्यांसाठी म्हटलं कारण तात्या त्याच्या भावकीतले होते. त्याच गावच्या दलित वस्तीतला माणूस त्या खोलीत राहू शकला असता का? नाही. त्यांना आपली वेगळी खोली, वेगळी चाळ. गिरणीतसुद्धा साचे खात्यात दलितांना घेत नव्हते, कारण मागावरच्या धोट्यातला धागा तोंडानं ओढावा लागायचा आणि इतरांना विटाळ व्हायचा, आणि पगार बरा कुठे तर त्याच साचे खात्यात. बाबासाहेबांनी 1928 च्या संपात हा मुद्दा लावून धरला होता. म्हणजे ज्या ओळखीनं आमचं घर उभं राहिलं त्याच ओळखीनं दुसऱ्या कोणाला तरी गेटच्या बाहेर ठेवलं. हे लिहिताना बरं वाटत नाहीये, पण खरं आहे.

तसंच ऊसतोडीचं. बीडकडचा मुकादमही गावातलाच असतो, ओळखीचाच असतो. तोही येऊन "मी बघतो" म्हणतो, हातावर उचल, म्हणजे आगाऊ पैसे ठेवतो, आणि मग नवरा-बायकोचा कोयता (जोडीला कोयताच म्हणतात) सहा महिने त्या उचलीला बांधला जातो, फिटली नाही तर पुढच्या सीझनला पुन्हा. ओळख तीच, शब्द तेच, फक्त चुलत्याला तात्यांकडून काही नको होतं आणि मुकादमाला ह्यांच्याकडून सगळंच हवं असतं. त्यामुळे नात्यागोत्यानं आलेला प्रत्येक माणूस सुखरूप पोचला असं मी म्हणत नाहीये. मी एवढंच म्हणतेय की ओळखीशिवाय कोणी येतच नाही, मग ज्या ओळखी चांगल्या आहेत त्या तरी आपण तोडू नयेत.

कारण ती तुटली की काय होतं ते बघितलंय ना आपण 2020 साली, कोरोनाच्या लॉकडाउनमध्ये. पगार बंद, खोलीचं भाडं चालू, आणि माणसं हजार-दीड हजार किलोमीटर पायी निघाली. 1 मेला श्रमिक रेल्वे सुरू झाल्या, आणि आठवड्यानं औरंगाबादजवळ करमाडला रुळांवर झोपलेले मध्य प्रदेशातले 16 मजूर मालगाडीखाली गेले. तेव्हा टीव्हीसमोर बसून लोक विचारत होते, "अरे पण हे घरी जाऊन काय करणार?" काय करणार म्हणजे? जिथे "त्याचं मी बघतो" म्हणणारं कोणीतरी आहे तिथे जाणार! 1896 ला प्लेग आला तेव्हा मुंबईतले कामगार असेच गावाकडे पळाले होते. 18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास माणसं, आणि तो लांबत गेला तेव्हा तात्याही लांज्याला गेले, भावांनी भात दिलं, नाचणी दिली, वर्ष काढलं. जो चुलता त्यांना घेऊन आला तो तोपर्यंत वारला होता, त्याच्या मुलाला मग तात्या घेऊन गेले बरोबर. तोही संपातच होता.

आणि ह्याच आमच्या कोकणानं 2020 ला काय केलं? चाकरमानी नकोत म्हणून रस्त्यावर झाडं तोडून टाकली. चौदा दिवस शाळेत राहा, गोठ्यात राहा. ज्यांच्या मनिऑर्डरींवर घरांवर कौलं चढली, देवळांचे जीर्णोद्धार झाले, त्यांना वेशीवर अडवलं. भीती होती, आजार नवा होता, समजू शकते. पण माझ्या आईला ते फार लागलं. ती त्यानंतर शिमग्याला गेलेली नाही.

आजकाल कोणी म्हणतं, आता कशाला पाहिजेत ओळखीपाळखी, सगळं मोबाइलवर आहे. मोबाइलवर काय आहे ते पण बघा. थायलंडला डेटा एंट्रीची नोकरी म्हणून टेलिग्रामवर जाहिरात, आणि आपली भारतीय पोरं जाऊन पडली म्यानमारच्या मायावडीला, कंबोडियाला, पासपोर्ट काढून घेतलेले, लोकांना ऑनलाइन फसवायचं काम करायला लावलेली. परराष्ट्र खात्यानं 2022 पासून इशारे दिलेत. त्या पोरांचं तिथे आधी पोचलेलं कोणी नव्हतं, खरं काय ते फोनवर सांगणारा कोणी चुलता नव्हता. आमच्या वॉचमनच्या पुतण्याला काकानं येण्याआधीच सांगितलं होतं की खोली लहान आहे, थंडीत फरशी गार पडते, पहिले महिने पैसे मिळणार नाहीत. त्यानंच मला सांगितलं हे, गेटवर उभ्या उभ्या. सगळं माहीत असून आलाय तो.

राग जरा निवळलाय, तर मला ज्यासाठी खरं लिहायचं होतं ते लिहिते, आमच्या गावच्या मुंबईकरांसाठी. आपल्या मंडळाची खोली ज्या चाळीत होती ती रिडेव्हलपमेंटला गेलीय आणि खोलीच्या बदल्यात मंडळाला फ्लॅट मिळतोय. ग्रुपवर चाललंय की फ्लॅट विकून टाकू आणि सभासदांत पैसे वाटून घेऊ, आता कोण राहणार तिथे, सगळ्यांची डोंबिवली-विरारला घरं झाली.

माझा विरोध आहे. टाटा हॉस्पिटल तिथून जवळ आहे, गावाकडून केमोला येणारी माणसं फूटपाथवर झोपतात ते आपण बघतो. गावातल्या मुली आता नर्सिंगला, बँकेच्या परीक्षांना येतायत, त्यांना पीजीचं भाडं परवडत नाही. आपल्या खोलीत आजवर एकही बाई राहिलेली नाही, माझी आजी नवऱ्याच्या मुंबईत पहिल्यांदा राहायला आली ती लग्नानंतर कितीतरी वर्षांनी. आता फ्लॅटमध्ये एक खोली मुलींची ठेवा आणि एक पेशंटांची. आणि गाव म्हणजे सगळं गाव, सगळ्या वाड्या, वर सांगितलं ते पुन्हा होता कामा नये. मेंटेनन्सचा प्रश्न येईल, मी वर्षाची वर्गणी आधी भरते, यादी करू, अजून दहा-पंधरा जण तरी निघतील.

विकायचा ठराव पुढच्या महिन्याच्या बैठकीत येतोय. ज्यांचे वडील-आजोबा त्या खोलीत राहिलेत त्यांनी कृपा करून यावं, ज्यांना जमणार नाही त्यांनी सेक्रेटरींना लेखी पत्र द्यावं. नुसता ग्रुपवर अंगठा दाखवून चालणार नाही, तो धरत नाहीत.