नाऊरूची गोष्ट १९६८ पासून सुरू होत नाही

‘एकेकाळी जगातला सर्वात श्रीमंत देश. फुकटचा पैसा आला, लोक आळशी झाले, खाऊन खाऊन लठ्ठ झाले. स्वतःचंच बेट उकरून संपवलं, पैसा उधळला आणि आता भिकेला लागले. बसून खाल्लं तर कुबेराचा खजिनाही पुरत नाही.’

प्रशांत महासागरातल्या नाऊरू या देशाबद्दलचा हा मजकूर कधी व्हिडिओ होऊन, कधी लांबलचक फॉरवर्ड होऊन फिरत असतो. आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर तो आला तेव्हा खाली ‘मुलांना जरूर वाचून दाखवा’ असंही होतं. दाखवायचीच असेल तर मुलांना गोष्ट पहिल्यापासून सांगायला हवी. हा मजकूर सुरू होतो १९६८ मध्ये, नाऊरू स्वतंत्र झाल्यावर. खाणी तर १९०७ च्या सुमारास सुरू झाल्या होत्या. मधली साठ वर्षं त्यात नाहीतच.

‘स्वतःचंच बेट उकरलं’ हा आरोप आधी घेतो, कारण बाकीचं सगळं त्याच्यावर उभं आहे.

नाऊरू म्हणजे जेमतेम २१ चौरस किलोमीटर. किनाऱ्याने फिरणारा रस्ता १९ किलोमीटरचा. सकाळी चालायला लागलेला माणूस दुपारपर्यंत जिथून निघाला तिथे परत येतो. १८८८ मध्ये जर्मनीने हे बेट आपल्या ताब्यात घेतलं. पुढे सिडनीतल्या एका ब्रिटिश कंपनीच्या कचेरीत नाऊरूहून आणलेला एक दगड दाराला अडसर म्हणून पडलेला होता. अल्बर्ट एलिस नावाच्या कर्मचाऱ्याने तो तपासून घेतला. निघालं उत्तम प्रतीचं फॉस्फेट, म्हणजे खताचा कच्चा माल. कंपनीने जर्मनांशी बोलणी करून उत्खननाचा हक्क मिळवला. ज्यांच्या जमिनी होत्या त्या नाऊरूच्या कुटुंबांना टनामागे अर्धा पेनी मिळू लागला. पेनी म्हणजे पौंडाचा दोनशे चाळिसावा भाग, त्याचा अर्धा.

पहिल्या महायुद्धात ऑस्ट्रेलियाने बेट जिंकलं. १९१९ मध्ये ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड या तिघांनी करार करून कंपनीचा सगळा धंदा ३५ लाख पौंडांना विकत घेतला आणि फॉस्फेटची वाटणी ४२, ४२ आणि १६ टक्के अशी ठरवली. राष्ट्रसंघाने बेट त्यांच्याकडे सोपवताना ‘पवित्र विश्वस्तपणा’ अशी भाषा वापरली होती. प्रत्यक्षात फॉस्फेट बाजारभावाने विकलंच गेलं नाही. ते जवळपास उत्पादनखर्चाच्या दरात या देशांच्या शेतीला पुरवलं गेलं. आपल्याकडचा शेतकरी ज्याला नुसतं ‘सुपर’ म्हणतो, ते खत अशाच फॉस्फेटपासून बनतं. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडच्या जमिनीत स्फुरद (फॉस्फरस) कमी. तिथली हिरवी कुरणं, लोकर, गहू, लोणी यांच्यामागे नाऊरूची माती आहे. स्वस्त खताचा फायदा तिथल्या शेतकऱ्याला झाला आणि त्याची किंमत नाऊरूच्या जमीनमालकाने मोजली.

स्वातंत्र्यापूर्वीच बेटाचा सुमारे एक तृतीयांश भाग खणून झाला होता. फॉस्फेट काढून घेतलं की मागे उरतात प्रवाळाचे टोकदार सुळके, दोन दोन पुरुष उंच. त्यावर ना शेती, ना घर, ना चालायला वाट. हे भरून द्यायची जबाबदारी कोणाची, असं नाऊरूवाले विचारत होते. ऑस्ट्रेलियाचं उत्तर होतं की तुम्हीच दुसरीकडे राहायला चला. क्वीन्सलँडजवळचं कर्टिस बेट दाखवण्यात आलं. नाऊरूच्या लोकांनी विचारलं की तिथे आमचं राज्य असेल का. ते मिळणार नव्हतं. १९६४ मध्ये त्यांनी नकार दिला.

उरलेलं बेट पुढे नाऊरूच्या सरकारच्याच हाताखाली खणलं गेलं, हे खरं आहे. पण मधला भाग उद्ध्वस्त झालेल्या आणि दुसरं काही विकायला नसलेल्या देशासमोर तेव्हा कोणता रस्ता होता, हे मजकूर लिहिणाऱ्याने सांगावं.

‘फुकटचा पैसा’ म्हणे. आपल्याच जमिनीवरची खाणीची यंत्रसामग्री नाऊरूला २ कोटी १० लाख ऑस्ट्रेलियन डॉलर मोजून विकत घ्यावी लागली. नुकसानभरपाई कोणी आपणहून दिली नाही. श्रीलंकेचे कायदेपंडित क्रिस्टोफर वीरमंत्री यांच्या अध्यक्षतेखाली नाऊरूने चौकशी आयोग नेमला आणि १९८९ मध्ये थेट ऑस्ट्रेलियाला आंतरराष्ट्रीय न्यायालयात खेचलं. हा खटला चालवण्याचा अधिकार न्यायालयाला नाही, असं ऑस्ट्रेलियाचं म्हणणं होतं. १९९२ मध्ये न्यायालयाने ते फेटाळलं आणि पुढच्याच वर्षी १० कोटी ७० लाख ऑस्ट्रेलियन डॉलरवर तडजोड झाली. काही हजार लोकांच्या देशाने हे करून दाखवलं, आणि त्या फॉरवर्डमध्ये याला एक ओळही नाही.

‘पैसा उधळला’ हे मात्र बऱ्याच अंशी खरं आहे, आणि ते झाकण्यात अर्थ नाही. मूठभर लोकांच्या देशाने जेट विमानांची कंपनी चालवली, मेलबर्नमध्ये ५२ मजली इमारत बांधली, लंडनमधल्या एका संगीत नाटकात पैसे घातले आणि ते आपटलं. कर्ज वाढलं, इमारत विकावी लागली. निर्णय घेणारे नेते आणि त्यांच्याभोवती जमलेले परदेशी सल्लागार यांना याचा जाब विचारायलाच हवा. तो दोष सगळ्या लोकांच्या रक्तात आहे असं म्हणणं ही वेगळी गोष्ट आहे, आणि ती मला मान्य नाही. ‘भिकेला लागले’ हेही चुकीचं. टुना मासेमारीच्या परवान्यांतून नाऊरूला मोठं उत्पन्न मिळतं. ऑस्ट्रेलिया २००१ पासून, मधली काही वर्षं सोडली तर, आपल्याकडे आश्रय मागायला आलेल्यांना नाऊरूवर ठेवत आला आणि त्याचे पैसे देत आला. हा व्यवहार मला दुःखद वाटतो, पण त्यात गरज ऑस्ट्रेलियाची आहे.

आता ‘लठ्ठ’. मधुमेह तिथे फार आहे. १९७० च्या दशकातल्या तपासण्यांत तो जगात सर्वाधिक असलेल्या ठिकाणांत दिसला. पण हे लोक आधी काय खात होते? नारळ, समुद्रातले मासे, आणि आपल्या केवड्याच्याच कुळातल्या पँडॅनस झाडाची फळं. ‘इबिया’ माशांची पिल्लं समुद्रकाठच्या खडकांतून गोळा करून ती बेटाच्या मधल्या बुआडा तळ्यात वाढवायची त्यांची पद्धत होती, आणि तळ्यात कुटुंबांचे वाटे ठरलेले होते. पँडॅनसची झाडं खाणीत गेली. जागा घेतली जहाजाने येणाऱ्या तांदळाने, साखरेने, डब्यातल्या मांसाने. माडीची गोष्ट तर प्रत्येकाने ऐकावी. प्रशासनाने नारळाच्या माडीवर बंदी घातली आणि तान्ही मुलं बेरीबेरीने दगावू लागली, कारण आयांच्या आहारातलं ब जीवनसत्त्व त्या माडीतूनच येत होतं. ते बेटावरच्याच डॉक्टर ब्रे यांच्या लक्षात आलं.

राहिला ‘आळशी’ हा शब्द. मला सगळ्यात जास्त तोच लागला. खाणीत राबायला मुख्यतः चिनी आणि गिल्बर्ट बेटांवरचे मजूर आणले गेले. नाऊरूच्या माणसाला खायला आपलं तळं, आपला माड होता. दुसऱ्याच्या खाणीत त्याने का जावं? मालकाच्या सोयीने न राबणाऱ्याला आळशी म्हणणं ही साहेबाची जुनी सवय आहे, आणि ती आपल्या तोंडी असू नये.

१९२० मध्ये इन्फ्लुएन्झाच्या साथीत बेटावरची सुमारे १८ टक्के माणसं गेली. वंश टिकायचा तर किमान १५०० माणसं हवीत, असं ठरलं. २६ ऑक्टोबर १९३२ रोजी एक मुलगी जन्मली आणि आकडा पूर्ण झाला. तो दिवस ‘अंगाम’ म्हणून आजही साजरा होतो. दहा वर्षांनी जपानी फौज आली. कुष्ठरोग्यांना होडीत घालून समुद्रात बुडवलं गेलं. १९४३ मध्ये १२०० लोकांना ट्रुक बेटांवर सक्तीच्या मजुरीला नेलं. ती अंगामची मुलगीही त्यांच्यात होती, आणि ती परत आली नाही. परत आले ७३७, तारीख ३१ जानेवारी १९४६. त्यांच्यातलेच हॅमर डीरोबर्ट पुढे देशाचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले, आणि स्वातंत्र्याचा दिवस निवडायची वेळ आली तेव्हा नाऊरूने घेतली ती हीच तारीख: ३१ जानेवारी १९६८.