किती एएच पाहिजे, साहेब?

वर घर, खाली बायकोचं केकचं दुकान, आणि पत्ता कोल्हापुरातली शाहूपुरी. लाइट गेली की बायको डीप फ्रीजरकडं न बघता माझ्याकडं बघते, म्हणून घराला न् दुकानाला मिळून बॅटरी स्टोरेज घ्यायचं ठरलं. स्वस्तातलं. हा शब्द सप्लायरपुढं काढला की तो खुर्ची पुढं सरकवतो आणि एकेक आकडा सोडायला लागतो. एकजण व्हीएमध्ये (इन्व्हर्टरची ताकद) बोलतो, दुसरा एएचमध्ये (बॅटरीचे अँपिअर-तास), तिसरा वर्षांमध्ये, आणि एक भाऊ तर थेट हप्त्यातच बोलत होता.

दोन कोटेशनं आली, दोन्हीवर '१०० एएच लिथियम', आणि एकाचा रेट दुसऱ्याच्या तिसऱ्या हिश्श्यात. मेव्हणा लगेच, "दाजी, उचला की!" मी बारीक अक्षरं बघितली तर एक १२.८ व्होल्टची आणि दुसरी ५१.२ ची. एएचला व्होल्टनं गुणून हजारानं भागलं की खरी साठवण निघते, म्हणजे पहिलीत १.२८ युनिट आणि दुसरीत ५.१२, आपल्या लाइट बिलातलंच युनिट हे, वेगळं काय नाही. म्हणजे स्वस्तवालाच युनिटमागं महाग! कोटेशनवर नुसतं युनिट लिहायला ह्यांची शाई संपते काय?

बॅटरीवाल्या मामांचं एकच, "ट्यूब्युलर घ्या, १५० एएच, वजनदार माल, उचलून बघा." नाही उचलली, कंबर माझी हाय. कागदावर १.८ युनिट, पण ट्यूब्युलर म्हणजे लेड अ‍ॅसिडचीच, आणि लेड अ‍ॅसिड रोज निम्म्याच्या खाली उतरवली की लवकर म्हातारी होते, वर डिस्टिल्ड वॉटर घालायची ड्युटी माझीच. कोटेशनवरची लिथियम, म्हणजे लिथियम आयर्न फॉस्फेट, ८०-९० टक्के बिनधास्त वापरू देते. हां, पण ज्यांची लाइट महिन्यातनं कधीतरी तासभर जाते त्यांना ट्यूब्युलर बास झाली, हे लिथियमवाला मेला तरी सांगणार नाही.

मग एक टायवाला पोरगा आला. "६००० सायकल सर, म्हणजे ६००० वेळा भरून रिकामी, रोज एक धरली तरी सोळा वर्षं!" आई आतनं ऐकत होती.

"बाळ, तुझी कंपनी कधी चालू झाली?"

"गेल्या दसऱ्याला, आजी."

"मग सोळाव्या वर्षी मी काय तुला हुडकत फिरतो व्हय?"

पोरगा चहा अर्धा ठेवून गेला.

समोरचे काका मात्र निवांत, त्यांनी ३ किलोवॅटचं सोलर बसवलंय, ७८,००० सबसिडी पण मिळाली. पण लाइट गेली की सोलर पण बंद! ऑनग्रिड, म्हणजे खांबावरच्या लायनीला जोडलेला इन्व्हर्टर मुद्दामच बंद पडतो, नाहीतर खांबावरच्या वायरमनला शॉक बसायचा. भर उन्हात काका पुठ्ठ्यानं वारा घेत बसतात आणि आम्हाला म्हणतात, बॅटरी घ्या.

ठेवायची कुठं, तर एकानं सांगितलं काउंटरखाली फस्क्लास बसते. अरे भावा, २०१९ ला आणि २०२१ ला तिथं पंचगंगा बसलीवती.

शेवटी उद्यमनगरातला एकजण भेटला. त्यानं आधी लाइट बिल मागितलं, मग करंट मोजायचा क्लॅम्प मीटर लावून फ्रीजर चालू करायला लावला. चालताना २०० वॅट घेणारा फ्रीजर सुरू होताना क्षणभर त्याच्या कितीतरी पट ओढतो, इन्व्हर्टर लहान पडला तर बॅटरी भरलेली असून पण ट्रिप. बॅटरी वरच्या मजल्यावर भिंतीला लावू म्हणाला. वॉरंटीतली 'वर्षं किंवा सायकल, जे आधी संपेल ते' ही ओळ त्यानं स्वतः बोट ठेवून वाचून दाखवली, तिथं मी विरघळलो. रेट सगळ्यात कमी नव्हता, पण युनिटमागं बसत होता.

आता जुन्या इन्व्हर्टरच्या बॅटरीवर अडलंय. तो भंगार किलोवर धरतो, आणि आई म्हणते, तिच्यात कालच पाणी भरलंय, त्याचं पण वजन धर.