काकांची स्ट्रॉबेरी

परवा तुळशीबागेत एका दुकानात मी पातेल्यांच्या बुडाला महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी लावून बघत होते. म्हणजे फ्रिजवरचं मॅग्नेट हो. नवीन इंडक्शन शेगडी घेतलीये, तिला चुंबक चिकटेल असं बूड लागतं, बाकी काही नाही. एका पातेल्याला स्ट्रॉबेरी टपकन चिकटली आणि शेजारून आवाज आला, "ताई, ठेवा ते खाली. लोखंड आहे."

काका. हातात पिशवी, पिशवीत नवं चहाचं गाळणं, म्हणजे खरेदी उरकली होती, घरी जायला काहीच हरकत नव्हती. म्हटलं, काका इंडक्शनसाठी हवंय. "कशासाठीही असू दे. अस्सल स्टीलला चुंबक धरत नाही." आणि माझ्या हातातून स्ट्रॉबेरी घेऊन (न विचारता!) त्यांनी अख्ख्या दुकानाची परीक्षाच घेतली. झारा नापास. परात पास. डबा नापास, झाकण पास, "बघा, कशी फसवाफसवी असते!" दोन बायका आपापले डबे घेऊन त्यांच्यापुढे रांगेत उभ्या राहिल्या. दुकानदार हूं की चूं करेना, कारण पास होणारं सगळं महागातलं होतं. शेवटी तोही म्हणाला, काका बरोबर बोलतायत. आणि मी, इंजिनिअरिंग केलेली बाई, सगळे बघतायत म्हणून न चिकटणारं पातेलं साडेअकराशेला घेऊन आले.

शेगडीने त्याला ओळखच दिली नाही. नुसतं पीं पीं.

मग रात्री अकराला वाचत बसले. स्टेनलेस स्टीलच्या ३०४ ग्रेडमध्ये साधारण १८ टक्के क्रोमियम, ८ टक्के निकेल, त्या निकेलमुळे आतली रचनाच वेगळी होते म्हणून चुंबक धरत नाही. ४३० मध्ये निकेल जवळपास नसतंच, ते धरतं, पण तेही स्टेनलेसच, लोखंडी तवा नव्हे! आणि निकेल वाचवायला मँगनीज घातलेलं ते २०० सिरीजचं स्वस्त स्टील, तेही सहसा धरत नाही. म्हणजे काकांच्या परीक्षेत हलका मालसुद्धा डिस्टिंक्शनमध्ये पास. हे मला दुकानात का आठवलं नाही, चार वर्षं फी भरलीये घरच्यांनी.

काल परत गेले. "विकलेला माल परत घेतला जाणार नाही", पाटी. "तुम्हीच तर पसंत केलंत ताई." आणि गल्ल्यामागच्या लोखंडी कपाटावर माझी स्ट्रॉबेरी! म्हटलं, निदान ती तरी द्या.

"ती नाही देता येणार. काकांची आहे, विसरून गेलेत."