आधी संचालकाचा पगार ठरवा

बडोद्यातल्या आमच्या शाळेच्या ग्रुपवर सध्या एकच वाद पेटलाय. चार-पाच जणांनी मिळून स्वतंत्र चित्रपटांचा तीन दिवसांचा महोत्सव करायचं ठरवलंय आणि उद्घाटनाला कोणाला बोलवायचं यावर गाडी अडली आहे. एका गटाचं म्हणणं, पडद्यावरचा ओळखीचा चेहरा नसेल तर काळं कुत्रं फिरकणार नाही. दुसरा गट म्हणतो, युरोपात सरकार पैसे देतं म्हणून हे चालतं, आपल्याला कसं झेपणार? हा प्रश्न माझ्यासाठी असतो, कारण मी नेदरलँड्समधल्या रॉटरडॅमला राहते.

मग रॉटरडॅमचंच सांगते. इथला महोत्सव १९७२ साली ह्यूब बाल्स या माणसाने सुरू केला. पहिल्या संध्याकाळी प्रेक्षक होते १७. आपल्याकडे एवढी डोकी मोजून दुसऱ्याच दिवशी गाशा गुंडाळला असता आणि ‘आपल्या गावात हे चालत नाही’ हे पुढे कितीतरी वर्षं ऐकावं लागलं असतं. बाल्स मात्र टिकून राहिला. १९८८ मध्ये, वयाच्या अवघ्या एक्कावन्नाव्या वर्षी तो गेला. त्याच्या नावाने निघालेला निधी आज आशिया, आफ्रिका, लॅटिन अमेरिकेतल्या दिग्दर्शकांच्या पाठीशी उभा राहतो. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’लाही या निधीची मदत झाली होती. ज्या शहराला मराठीचा गंध नाही, तिथल्या महोत्सवाने एका मराठी चित्रपटाला हात द्यावा, याचा मला फार अभिमान वाटतो.

अनुदान होतं, हे खरंच. पण ते नुसतं हॉल आणि रोषणाईवर गेलं नाही, चित्रपट शोधत फिरणाऱ्या माणसालाही पोसत राहिलं. आणि इथे सगळं आलबेल आहे असंही नाही. २०२२ मध्ये फेररचनेच्या नावाखाली याच महोत्सवाने चित्रपट निवडणाऱ्या कित्येक जुन्याजाणत्यांना निरोप दिला. वर्षानुवर्षं जमवलेली नजर अशी घालवणं मला तेव्हाही चूक वाटलं, आजही वाटतं.

या कामाला वेळ किती लागतो, याची आपल्याकडे कल्पनाच नसते. माझ्या ओळखीची एक बाई इथल्या एका छोट्या महोत्सवासाठी चित्रपट निवडते. रात्रीची जेवणं उरकली की ती लॅपटॉप उघडते, शेजारी वही. नवख्या मुलाचा चित्रपट असला तरी शेवटची नावं सरकेपर्यंत उठत नाही, आणि नाकारायचा झाला तर का नाकारला ते दोन ओळींत स्वतः लिहिते. पुढे वितरकाशी दाखवण्याच्या शुल्कावरून घासाघीस आणि डीसीपीची (थिएटरात चित्रपट दाखवण्यासाठीची डिजिटल प्रत) फाइल हॉलच्या यंत्रावर चालते का याची आगाऊ तपासणी. आपल्याकडे त्यात भर म्हणजे, सेन्सॉरचं प्रमाणपत्र नसलेल्या चित्रपटांसाठी माहिती व नभोवाणी मंत्रालयाकडून सूट मिळवायची. बँकेतली नोकरी सांभाळून फावल्या वेळात हे करणारा माणूस दोन वर्षांत थकतो, आणि त्याच्याबरोबर महोत्सवही बसतो.

खरं तर बडोद्याला हे शिकवायला रॉटरडॅम कशाला हवं? दादासाहेब फाळके आपल्याच कलाभवनात शिकले. सयाजीराव महाराजांना गावोगाव वाचनालयं हवी होती, तेव्हा त्यांनी नुसती पुस्तकं विकत घेतली नाहीत. १९१० मध्ये अमेरिकेहून विल्यम बॉर्डन या ग्रंथपालाला पगारावर बोलावलं आणि त्याच्याकडून बडोद्यातली माणसं तयार करून घेतली. संस्थानाच्या ग्रंथालय खात्याची एक शाखा खेड्यापाड्यांत फुकट सिनेमा आणि मॅजिक लँटर्नचे, म्हणजे काचेवरची चित्रं दिव्याने पडद्यावर पाडण्याचे, खेळ दाखवायची. शंभर वर्षांपूर्वी आपल्याला हे कळत होतं.

तेव्हा मित्रांनो, पाहुण्यांच्या नावांची यादी जरा बाजूला ठेवा. आपल्यातली जी मुलगी दर वर्षी रजा टाकून, स्वखर्चाने पुण्याच्या आणि गोव्याच्या महोत्सवांना जाते, तिला संचालक करा. वर्षभराचा पगार द्या, निवडीत कोणीही लुडबुड करणार नाही हे लिहून द्या आणि निदान पाच वर्षं तिला हलवू नका. विमानाची तिकिटं, हॉटेल, हारतुरे यांचा खर्च वाचला की या पगाराचा मोठा हिस्सा तिथेच निघेल. उरलेल्यात माझा वाटा धरा. पैसे मी पहिल्याच महिन्यात पाठवते.