ब्रेड चोरणारा मुलगा न्यायाधीश कॅप्रिओंसमोर कधी आलाच नव्हता

परवा मावशीने ‘वाच, डोळ्यांत पाणी येईल’ म्हणून एक मेसेज पाठवला. येत्या रविवारी ती तो महिला मंडळात वाचून दाखवणार आहे. तुमच्याकडेही आला असेल. अमेरिकेत पंधरा वर्षांचा मुलगा आजारी आईसाठी ब्रेड आणि चीज चोरताना पकडला जातो. न्यायाधीश म्हणतात, गुन्हेगार आपण सगळे आहोत. मग कोर्टात हजर असलेल्या प्रत्येकाला दहा डॉलर दंड, भुकेल्या पोराला पोलिसांत दिलं म्हणून दुकानाला हजार डॉलर दंड, आणि न्यायाधीश डोळे पुसत उठून जातात. वर फोटो फ्रँक कॅप्रिओंचा, खाली ‘अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती’.

सुप्रीम कोर्टाचं आधी मिटवू. कॅप्रिओ ऱ्होड आयलंड राज्यातल्या प्रॉव्हिडन्स शहराच्या म्युनिसिपल कोर्टात 1985 ते 2023 न्यायाधीश होते. तिथे मुख्यतः पार्किंग, वेगमर्यादा, लाल सिग्नल तोडणं असली प्रकरणं येतात. त्या राज्यात अल्पवयीन मुलाचं चोरीचं प्रकरण फॅमिली कोर्टाकडे जातं. म्हणजे तो मुलगा त्यांच्यासमोर उभाच राहिला नसता.

पण मला खरी चीड येते ती दंडाची. कोर्टात त्या दिवशी कोण बसलेलं असतं? स्वतःच्या तारखेला आलेला माणूस, कुणाची बायको, कुणाची म्हातारी आई, टेबलाशी बसलेला कारकून. यांच्यावर आरोप नाही, यांचं म्हणणं ऐकलेलं नाही, आणि दंड? अमेरिकेच्या राज्यघटनेत 1868 साली आलेली चौदावी दुरुस्ती सांगते की कायद्याची रीतसर प्रक्रिया झाल्याशिवाय कोणतंही राज्य कुणाचं जीवित, स्वातंत्र्य वा मालमत्ता हिरावून घेऊ शकत नाही. दहा डॉलर हीसुद्धा मालमत्ताच. आणि दुकानदाराने तक्रार केली म्हणून शिक्षा त्यालाच! आपल्या गल्लीतल्या वाण्याला कोर्टाने असं केलं तर आपण त्याला दया म्हणू का? न्यायाधीशाच्या मनात आलं की निरपराध माणसाच्या खिशात हात घालता येतो, हे या मेसेजमधून आपण टाळ्या वाजवत शिकतो आहोत.

बरं, गोष्ट अगदीच हवेतून आलेली नाही, हे मान्य करतो. न्यूयॉर्कचे महापौर फिओरेलो ला ग्वार्डिया यांच्या नावावर अशीच एक जुनी कथा सांगतात. तिच्यात ब्रेड चोरणारी एक आजी आहे आणि कोर्टातल्या प्रत्येकाला पन्नास सेंट दंड आहे. आणि कॅप्रिओंच्या कोर्टात परक्यांच्या पैशाने गरिबांचे दंड भरले जात, हेही खरं. पण ते पैसे त्यांच्या कोर्टातल्या सुनावण्यांचे व्हिडिओ बघणारे जगभरातले प्रेक्षक आपखुशीने पाठवत. त्या निधीला कॅप्रिओंच्या आईचं नाव होतं, फिलोमेना. सक्ती कुणावर नव्हती.

खरा माणूस या मेसेजपेक्षा कितीतरी मोठा होता. वडील इटलीहून आलेले, फळं आणि दूध विकणारे. कॅप्रिओ दिवसा शाळेत शिकवायचे आणि रात्रीच्या वर्गांत कायदा शिकले. न्यायाधीश म्हणून पहिल्याच दिवशी एका उर्मट बोलणाऱ्या बाईला त्यांनी कडक दंड ठोठावला. वडील कोर्टातच बसले होते. ते नंतर म्हणाले, ती घाबरलेली होती, पदरात मुलं आहेत तिच्या, तू तिच्याशी बोलायला हवं होतंस. हा प्रसंग कॅप्रिओ स्वतःच सांगत.

ते बोलणं त्यांनी आयुष्यभर मनात ठेवलं. शाळेजवळ गाडी वेगात नेली म्हणून 96 वर्षांचे एक आजोबा समोर आले. कॅन्सर झालेल्या 63 वर्षांच्या मुलाला रक्ततपासणीला घेऊन चाललो होतो, म्हणाले. कॅप्रिओंनी सगळं ऐकून घेतलं आणि प्रकरण काढून टाकलं. दंड माफ करण्याचा अधिकार त्यांच्या खुर्चीला होता, तेवढाच त्यांनी वापरला.

2025 च्या ऑगस्टमध्ये, स्वादुपिंडाच्या कॅन्सरने, 88 व्या वर्षी ते गेले. मावशीला मी त्या आजोबांचा व्हिडिओ पाठवला आहे. रविवारी वाचण्याऐवजी तो दाखव म्हटलं, इंग्रजी मी सांगतो.