शोकाच्या ‘पाच पायऱ्या’ आणि शुश्रूषा करणारी माणसे

नकार, राग, सौदेबाजी, खिन्नता आणि स्वीकार या पाच पायऱ्या क्रमाने चढल्याशिवाय शोक संपत नाही, ज्याने त्या वगळल्या त्याने दुःख आत दडपले, आणि गेलेल्या माणसाला मनातून सोडून देणे हेच सावरल्याचे लक्षण, असा संदेश कोणाकडे मृत्यू झाला की हमखास फिरतो. पाठवणाऱ्याचा हेतू चांगलाच असतो. परंतु वर्षानुवर्षे आजारी माणसाची शुश्रूषा केलेल्यांना तो जिव्हारी लागतो, म्हणून त्यातील विधाने तपासणे आवश्यक आहे.

मुळात ही मांडणी मागे राहिलेल्यांविषयी नव्हती. मनोविकारतज्ज्ञ एलिझाबेथ क्युबलर-रॉस यांनी १९६९ मध्ये ती केली ती शिकागोतील मरणासन्न रुग्णांशी झालेल्या संवादांवरून. ‘मुलाच्या लग्नापर्यंत जगू दे’ हा सौदा जाणारा माणूस करू शकतो. तो गेल्यावर सौद्याला जागाच उरत नाही.

क्रमाविषयी सांगायचे तर, २३३ शोकग्रस्तांचा एक अमेरिकी अभ्यास २००७ मध्ये प्रसिद्ध झाला. भावनांचे चढ काहीशा ठरावीक क्रमाने येतात, असे त्याच्या लेखकांना आढळले, हे मान्य केले पाहिजे. परंतु त्याच अभ्यासात स्वीकार पहिल्यापासून सर्वाधिक होता आणि दुःखद भावनांत सर्वांत प्रबळ होती ती गेलेल्याची ओढ, जिला पाचांच्या यादीत स्थानच नाही.

सर्वांत अन्यायकारक आहे तो ‘दडपले’ हा शब्द. स्मृतिभ्रंश झालेल्यांची घरी काळजी घेणाऱ्या २१७ नातेवाइकांच्या २००३ मधील अमेरिकी अभ्यासात निम्मे जण आठवड्याला किमान ४६ तास शुश्रूषेत घालवत होते, आणि मृत्यूने आपली सुटका झाली असे ७२ टक्के जणांनी सांगितले. शय्याव्रण होऊ नयेत म्हणून दर दोन तासांनी आईची कूस बदलणारी मुलगी आई गेल्यावरही कित्येक रात्री त्याच वेळी दचकून उठते, आणि मग एके रात्री सलग झोपते. त्या झोपेला नकार म्हणणाऱ्याला हे ठाऊक नसते की, आईने ‘तू कोण गं?’ असे विचारले त्या दिवशीच तिचा शोक सुरू झाला होता. तिला सुटल्यासारखे वाटणे आणि तिचे आईवर प्रेम असणे यांत कसलाही विरोध नाही.

मनातून सोडून देण्याचा आग्रहही टिकत नाही. मृताशी नाते रूप बदलून चालू राहते, हे डेनिस क्लास, फिलिस सिल्व्हरमन आणि स्टीव्हन निकमन या शोकाच्या अभ्यासकांनी १९९६ मध्ये मांडले. मार्गारेट स्ट्रोब आणि हेंक शुट या मानसशास्त्रज्ञांनी १९९९ मध्ये असे मांडले, की शोकग्रस्त माणूस दुःख आणि रोजची कामे यांत ये-जा करत राहतो. सकाळी बँकेचे अर्ज भरणारा तोच माणूस दुपारी आईच्या चष्म्याचे घर हातात धरून बसलेला असतो.

काहींना उपचारांची गरज असते, हे खरेच. अमेरिकेतील मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेने २०२२ मध्ये दीर्घकालीन शोकविकाराचे, म्हणजे तीव्र शोक ओसरतच नाही आणि रोजचे जगणे अडते अशा स्थितीचे, निदान स्वीकारले आणि प्रौढांसाठी मृत्यूनंतर किमान १२ महिने उलटण्याची अट घातली. त्या निकषांत पायऱ्यांचा उल्लेख कोठेही नाही.